सोमाभाऊचं ‘हो’

सोमाभाऊला चहा विचारणं म्हणजे विचारणाऱ्याच्याच चहाचं पाणी होण्याचा प्रसंग. "घेता का सोमाभाऊ, घोटभर?" म्हटलं की तो म्हणणार, "पाहतो." मग खरोखरच तो कपाकडे पाहत बसायचा, आपल्याला चहा हवा की नको याचा नीट विचार करायचा आणि शेवटी काहीही न बोलता कप उचलायचा. लग्नाची पत्रिका हातात दिली तरी "पाहतो", आणि पंगतीत पहिल्या रांगेत हाच बसलेला. माझी आई फार वैतागायची. ती म्हणायची, "अवो, रविवारी पाहुणे येऊन राह्यले, मासोळी आणान का नाई ते एकदा सरळ सांगा ना."

"पाहतो, बाई."

"हो म्हनाले जीभ जळते का तुमची?"

"हो म्हटलं का मानूस अडकते, बाई. मंग मासोळी नाई आली त मले स्वतःले कापून द्या लागन."

मासोळी यायचीच. पण ‘हो’ कधी आलं नाही. त्याच्याकडे शब्द तीनच होते. ‘पाहतो’ रोजच्या वापराचा, ‘नाई’ गरजेपुरता आणि ‘हो’ वर्षातून एकदा. ते एकदाचं ‘हो’ मी माझ्या कानांनी ऐकलेलं आहे. म्हणून तर हे लिहिताना मान खाली जाते.

आमचं गाव चामोर्शीच्या पुढे, सडकेला लागून. सडकेच्या एका अंगाला धानाची शेतं आणि दुसऱ्या अंगाला तलाव. तलावातली मासोळी सोमाभाऊसारख्या ढिवरांच्या, म्हणजे मासेमारांच्या, चौदा घरांची, तिचा ठेका त्यांच्या सोसायटीकडे रीतसर कागदावर होता. पाणी मात्र आम्हा शेतकऱ्यांचं. आता मासोळी पाण्याशिवाय राहत नाही आणि धानही राहत नाही, त्यामुळे भांडणाला जागा भरपूर. पण माझ्या आजोबांच्या आधीपासून भांडण होऊ नये म्हणून एक रीत होती.

तलावात मोरीजवळ, म्हणजे शेतांना पाणी सोडायच्या दाराजवळ, एक खुणेचा दगड रोवलेला होता. त्यावर छिन्नीनं मारलेली एक रेघ. उन्हाळ्याच्या शेवटी तलावात गुडघाभर पाणी उरलं की शेतकऱ्यांकडून एक आणि ढिवरांकडून एक असे दोघं जण त्या दगडाशी जाऊन उभे राहायचे. बाकीचे पाळीवर, म्हणजे तलावाच्या बांधावर. दोघांनी रेघेवर हात ठेवायचा आणि बोलायचं. गंमत अशी की आपला शब्द आपण बोलायचा नाही. समोरच्याचा बोलायचा. म्हणजे शेतकरी म्हणणार, "तुम्ही पावसाळाभर पाळ राखान, खेकड्याचे बिळं बुजवान, फुटली त रातबेरात धावान." ढिवर म्हणणार, "हो." मग ढिवर म्हणणार, "तुम्ही होळीपावतर पाणी ह्या रेघेखाली उतरू देनार नाई." शेतकरी म्हणणार, "हो." संपलं. कागद नाही, शिक्का नाही.

लहानपणी मी सोमाभाऊला विचारलं होतं, आपलं आपण का नाही बोलायचं?

तो म्हणाला, "आपलं आपन बोललं त पळवाट ठेवून बोलते मानूस. समोरच्याच्या तोंडून ऐकलं का कळते, त्यानं काय समजलं ते. दोघाइचं एकच निंगालं पाह्यजे."

पुढे मी नागपूरला वकिली शिकायला गेलो. तिथे करार कायद्याच्या तासाला सर सांगायला लागले की दोन्ही पक्षांचं एकाच गोष्टीवर, एकाच अर्थानं एकमत झालं पाहिजे. मी बाकावर बसल्या बसल्या हसलो. हे तर आमच्या सोमाभाऊला ठाऊक होतं. परीक्षेत प्रश्न आला, तोंडी करार कायद्यानं कधी बंधनकारक ठरतो, सोदाहरण स्पष्ट करा. मी उदाहरण म्हणून आमचा तलाव लिहिला. दोघंही जाणते, कोणावर जबरदस्ती नाही, काम बेकायदेशीर नाही, एकानं पाळ राखायची त्याच्या मोबदल्यात दुसऱ्यानं पाणी राखायचं, आणि कायदा जिथे कागद मागतो तसलं जमिनीचं खरेदीखत वगैरे हे नाही. तेव्हा हा शब्द बंधनकारक आहे, फक्त तो सिद्ध करावा लागेल आणि त्याला पाळीवरचे साक्षीदार पुरेसे आहेत. चांगले मार्क पडले. सुट्टीत घरी आल्यावर मी मोठ्या फुशारकीनं सोमाभाऊला सांगितलं की तुमच्या दगडावर मी पास झालो.

तो जाळं विणत होता. "आमचं लिवलं का तू? पुस्तकात?" त्याला परीक्षा आणि पुस्तक यात फरक वाटत नव्हता. मग चौदा घरांत त्यानंच सांगितलं की आपली रीत नागपूरच्या मास्तरले पटली म्हून.

सोमाभाऊ दिसायला काहीच नव्हता. बुटका, काळा, अंगात शर्ट फक्त चामोर्शीच्या बाजाराच्या दिवशी. पण त्याचे पाय पाहण्यासारखे. पंजे रुंद, बोटं एकमेकांपासून फाकलेली. पावसाळ्यात तो पाळीच्या आतल्या अंगानं कमरेएवढ्या पाण्यातून सावकाश चालत जायचा, डोळे मिटून. मध्येच थांबायचा आणि म्हणायचा, "इथी." तिथे खेकड्याचं बीळ असायचंच. अशा बिळातूनच पाळ पोखरत जाते आणि एका रात्रीत फुटते. मी एकदा विचारलं, डोळे का मिटता? तर म्हणे, "डोळे उघडे असले का पाय आळशी होते."

माझी सनद आली त्या वर्षी वडील अंथरुणाला खिळले होते. दगडाशी जायचा मान आमच्या घराकडे, आणि दादा, माझा मोठा भाऊ, नेमका बियाण्यासाठी गडचिरोलीला गेलेला. म्हणून मी गेलो. पँट गुडघ्यापर्यंत दुमडून, पायाखालच्या गाळाला नाक मुरडत. सोमाभाऊनं माझा हात धरून रेघेवर ठेवला. मी त्याचं बोललो, त्यानं "हो" म्हटलं. असं म्हटलं की पाळीवरची बाया-माणसं गप्प झाली. मग त्यानं आमचं बोललं. मी "हो" म्हटलं. पाय कधी धुवायला मिळतील हा विचार तेव्हा माझ्या डोक्यात होता, हे मला आजही आठवतं.

त्या पावसाळ्यात झड लागली ती आठ दिवस. ढिवरांच्या चौदा घरांतले पुरुष पाळीवरच राहिले. सोमाभाऊला पाण्यात उभं राहून ताप भरला तरी तो बिळं दाखवतच होता आणि पोरं माती-पाल्यानं बुजवत होती. आजूबाजूच्या दोन गावांचे तलाव फुटले, आमचा राहिला. आमचं धान त्या वर्षी कोठीत मावलं नाही.

आणि मग जानेवारीत दादानं मोरी उघडली.

त्याला उन्हाळी धान करून पाहायचं होतं. कोणीतरी त्याच्या डोक्यात भरवलं होतं आणि आणखी चार-पाच शेतकरी त्याच्यामागे लागले होते. पाणी रेघेखाली गेलं, मग दगडाच्या बुडाखाली गेलं. मासोळी वाढायला अजून दीड-दोन महिने हवे होते. ती गाळात तडफडली, बगळ्यांनी उचलली, उरलेली सडली. सडकेवरून जाणारे लोक नाकाला रुमाल लावायचे. सोमाभाऊ रोज सकाळी येऊन दगडाजवळ उभा राहायचा आणि परत जायचा. शिवी दिली नाही, ओरडला नाही. एकदाच दादाला म्हणाला, "पाटील, हो झालं होतं ना?"

दादा म्हणाला, "मी कुठी म्हटलं हो? ज्यानं म्हटलं त्याले विचार."

म्हणून तो मला विचारायला आला. चामोर्शीच्या बाजाररस्त्यावर मी नुकतंच ऑफिस थाटलं होतं. एक टेबल, दोन खुर्च्या, भिंतीवर नवा कोट. सोमाभाऊनं शर्ट घातला होता. खुर्चीवर बसला नाही, उंबरठ्याला टेकला.

"वकीलसाब," तो म्हणाला. तोपर्यंत तो मला बापू म्हणायचा. "एवढंच सांगा. तोंडाचा शब्द कोर्टात चालते का नाई? तुम्ही पुस्तकात आमचं लिवलं होतं म्हून इचारतो. चौदा घरं काय करावं म्हून बसले हाय. चालत असन त आमी सारे येतो. पाळीवर उभे होते ते सारे बोलतीन."

मला उत्तर पाठ होतं. चालतो, हेच उत्तर होतं. त्यांनी त्यांची बाजू पुरी केली होती, साक्षीदार होते, केस जिंकलीच असती असं मी छातीठोक सांगणार नाही, पण दार उघडं होतं. फक्त त्या दारातून आत जायचं तर प्रतिवादी माझा सख्खा भाऊ आणि ‘हो’ म्हणणारा मी स्वतः. ऑफिसचं भाडं दादा भरत होता. भिंतीवरचा कोटही त्यानंच शिवून दिला होता. हे सगळं माझ्या डोक्यातून जायला किती वेळ लागला असेल? सोमाभाऊ चहाच्या कपाकडे पाहायचा त्याच्या निम्माही नाही.

मी म्हणालो, "नाही चालत, सोमाभाऊ. कागद लागतो."

"मंग ते पुस्तकातलं?"

"परीक्षा वेगळी, कोर्ट वेगळं."

त्यानं वाद घातला नाही, दुसऱ्या वकिलाला विचारायलाही गेला नाही. सरळ शब्दात कोणी सांगितलं की ते तसंच असतं, अशीच त्याची समजूत होती आणि माझं ‘नाही’ अगदी सरळ होतं. "बरं," म्हणाला आणि उठला. जाताना चपला हातात घेऊनच गेला.

गावात जाऊन त्यानं चौदा घरांना एकत्र बसवलं आणि सांगितलं, चूक माझी हाय, कागद घ्या लागत होता, मी घेतला नाई. माझं नाव त्यानं घेतलं नाही, दादाचंही नाही. त्या फेब्रुवारीत चौदापैकी अकरा घरं कुलूप लावून तेलुगू मुलखात मिरची तोडायला गेली. जाणारे त्याच्याच दारावरून गेले आणि त्याच्याशी बोलले नाहीत. परत आल्यावर सोसायटीनं त्याला अध्यक्षपदावरून काढलं. बुढ्यानं तोंडावर इस्वास ठेवला आन् घरं बुडवले, असं त्याची स्वतःची पोरं म्हणायला लागली.

त्यानंतरचा सोमाभाऊ म्हणजे गावाला हसायला एक विषय झाला. तो स्टँपपेपर घेऊन फिरायला लागला. चामोर्शीच्या स्टँपवाल्याकडून आणायचा, दुधाच्या रिकाम्या पिशवीत घालून डोक्याच्या फडक्यात बांधून ठेवायचा. न्हाव्यानं "उद्या येतो" म्हटलं तर, "लिवून दे." शेजाऱ्यानं जाळं मागितलं, "अंगठा लाव." धाकट्या मुलीच्या लग्नात तर कहर केला. पंगत बसली, पानं वाढली आणि हा व्याह्यासमोर कागद घेऊन उभा. पोरीले नीट वागवू म्हून लिवून द्या! वरपक्ष ताटावरून उठला. बायकोनं पाया पडून त्यांना परत बसवलं. गाव आठवडाभर त्यावर हसलं. मीही ऑफिसात चार लोकांना हा किस्सा रंगवून सांगितला. ते पोट धरून हसले आणि मीही हसलो. हे लिहायला नको होतं, पण लिहायचंच तर सगळं लिहिलं पाहिजे.

पुढच्या उन्हाळ्यात दगडाशी कोणी गेलंच नाही. सोमाभाऊनं दादाकडे कागद नेला होता. दादा म्हणाला, "सही करून काय कोर्टात जाऊ का? जे बापजाद्यांनी नाई केलं ते मी काऊन करू?" मग ढिवरांनी पाळ राखली नाही. दोन पावसाळे कसेबसे निघाले, तिसऱ्यात ती फुटली आणि आमच्याच धानाच्या तीन बांध्यांत वाळू भरली. दगड अजून आहे. त्याच्याभोवती बेशरमाची झुडपं माजली आहेत.

मी सोमाभाऊला टाळायला शिकलो. आठ-नऊ वर्षं हे जमलं. मग एकदा बाजाराच्या दिवशी दुपारी सडकेवर बसची वाट पाहत होतो तर तो पाळीवरच्या मोहाच्या झाडाखाली बसलेला दिसला. एक पाय सुजून टम्म झाला होता. तेच रुंद पंजे, पण आता बोटं कसल्याच गोष्टीचा पत्ता लावतील असं वाटत नव्हतं. मी जाऊन शेजारी बसलो आणि सांगून टाकलं, "सोमाभाऊ, तेव्हा मी खोटं बोललो. तोंडी शब्द चालतो. कोर्टात तुमची केस उभी राहिली असती."

मोठा धीर केला असं त्या क्षणी मला वाटलं. पण कोर्टात जायची मुदत तीन वर्षांची असते आणि ती केव्हाच सरली होती. खरं बोलायला आता मला काहीच धोका नव्हता, हे मला बोलायच्या आधीपासून माहीत होतं.

तो रागावेल असं वाटलं होतं. त्यानं विचारलं, "म्हंजे माही चूक नव्हती?"

"नव्हती."

"रीत बरोबर होती?"

"बरोबर होती."

त्याचा चेहरा असा सैल झाला की मला तिकडे पाहवेना. मग त्यानं डोक्याचं फडकं सोडलं. दुधाची पिशवी काढली, तिच्यातून पिवळा पडलेला कागद काढून मांडीवर सरळ केला.

"बापू," तो म्हणाला. इतक्या वर्षांनी बापू. "हे जे आता बोलला ते ह्याच्यावर लिवून दे."

"आता त्याचा काही उपयोग नाही हो, मुदत..."

"कोर्टासाठी नाई. घरी दाखवतो. पोराइले, सोसायटीतल्या लोकाइले. बुढ्यानं घरं नाई बुडवले एवढंच. मी तोंडानं सांगीन त कोन मानन आता?"

खिशाला पेन होतं. त्याला ते दिसत होतं. पण त्याच महिन्यात मी नोटरी होण्यासाठी अर्ज केलेला होता. अशिलाला खोटा कायदा सांगितला अशी वकिलाच्या सहीची कबुली गावभर फिरली असती तर? पुन्हा दादा होता, दादाची मुलं होती. मी कागद हातात घेतला, उलटापालटा केला आणि परत दिला.

"उद्या देतो," मी म्हणालो. "नीट लिहावं लागेल. उद्या सकाळी इथेच देतो."

त्यानं माझ्याकडे पाहिलं. मग शेजारच्या मोहाच्या मुळावर हात ठेवला, माझा हात धरून तिथे ठेवला आणि म्हणाला, "तू उद्या सकाळी इथी येशीन आन् लिवून देशीन."

रीत होती. मी "हो" म्हटलं. आता माझी पाळी होती त्याचं बोलायची. मी म्हणालो, "तुम्ही वाट पाहाल."

"हो," सोमाभाऊ म्हणाला.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी गावातल्या थांब्यावर गेलोच नाही. मागच्या रस्त्यानं बसच्या वाटेवर गावाआधी लागणाऱ्या फाट्यावर गेलो आणि गडचिरोलीची बस धरली. त्या दिवशी माझी तारीख नव्हती. बस तलावाजवळून जाते हे काय मला माहीत नव्हतं? तो मोहाखाली बसलेला होता. बाजाराचा दिवस नसूनही शर्ट घातलेला, कागद मांडीवर, उडू नये म्हणून त्यावर तळहात. थांब्यावर बस थांबली तेव्हा तो उठून उभा राहिला आणि उतरणारी माणसं एकेक करून पाहू लागला. मी चपलेचा पट्टा नीट करायला खाली वाकलो आणि बस सुटेपर्यंत वाकूनच राहिलो.

संध्याकाळच्या बसनं परत येताना उन्हं कलली होती. मी खिडकीपासून दूर बसलो होतो, तरी नजर गेलीच. तो तिथेच होता. तळहात तसाच कागदावर. मी पुढच्या गावी उतरलो आणि शेताशेतांतून चालत घरी आलो.

नोटरीचा शिक्का मला मिळाला. सोमाभाऊ त्यानंतर दोन महिन्यांनी गेला. उन्हं कलली तरी कागदावर तळहात ठेवून बसलेला, हे त्याचं मला शेवटचं दिसणं. मी येणार नाही असं त्याला दुपारपर्यंत तरी नक्कीच कळलं असेल. पण त्यानं ‘हो’ म्हटलं होतं.